गाडी कमी चालली म्हणून टायमिंग बेल्टचं वय थांबत नाही

विचारलंय ते असं: डिझेल गाडी नऊ वर्षांची, रनिंग जेमतेम ४२,००० किलोमीटर. गाडीच्या पुस्तकात टायमिंग बेल्ट (इंजिनातल्या पिस्टन आणि व्हॉल्व्हची हालचाल जुळवून ठेवणारा दातेरी पट्टा) १,००,००० किलोमीटर किंवा ६ वर्षांनी बदला असं दिलंय. गॅरेजवाले बदलायला सांगतात. दुसऱ्या एका माहीतगाराने वरचं कव्हर उघडून बघितलं आणि बेल्ट नव्यासारखा आहे, अर्धं आयुष्यही झालेलं नाही, असा निर्वाळा दिला. ऐकायचं कुणाचं?

गॅरेजवाल्यांचं ऐका, आणि लवकर ऐका. पुस्तकात किलोमीटर आणि वर्षं असे दोन आकडे असतात, त्यातला जो आधी गाठला जाईल तो लागू. तुमची सहा वर्षं तीन वर्षांपूर्वीच भरली. माहीतगाराने खोटं सांगितलेलं नाही, त्याला बेल्ट चांगला दिसला असणार. पण टायमिंग बेल्ट ही बघून ठरवायची वस्तूच नाही. ब्रेक पॅड झिजला की आवाज करतो, क्लच घसरायला लागतो, टायरवर नक्षी उरत नाही. हा बेल्ट शेवटच्या दिवसापर्यंत आपलं काम शंभर टक्के करतो आणि मग एका क्षणात शून्य टक्के. म्हणून तो खराब झाल्यावर बदलत नाहीत, मुदत भरली की बदलतात.

आता हे असं का, ते जरा नीट सांगतो. खर्च मोठा आहे आणि कारण कळल्याशिवाय तो करायला मन धजत नाही, हे मला माहीत आहे.

चार स्ट्रोकच्या इंजिनात क्रँकशाफ्टच्या दोन फेऱ्यांना कॅमशाफ्टची एकच फेरी व्हावी लागते. म्हणून कॅमच्या पुलीला क्रँकच्या पुलीच्या दुप्पट दाते असतात आणि दोन्हींना हा दातेरी बेल्ट बांधून ठेवतो. कॅम व्हॉल्व्ह उघडतो, क्रँक पिस्टन वर-खाली करतो. इंजिन ३,००० आरपीएमवर असताना क्रँक सेकंदाला ५० वेळा फिरतो आणि प्रत्येक व्हॉल्व्ह सेकंदाला २५ वेळा उघडून बंद होतो. उघडा व्हॉल्व्ह जिथे खाली उतरतो, त्याच जागेत पिस्टनही वर येतो. जागा एकच, पाळ्या वेगळ्या. त्या पाळ्या सांभाळणं हे बेल्टचं काम.

ज्या इंजिनात ही जागा अशी सामाईक असते त्याला इंटरफेरन्स इंजिन म्हणतात. बेल्ट तुटला की कॅम जिथल्या तिथे थांबतो, म्हणजे काही व्हॉल्व्ह उघडेच राहतात. क्रँक मात्र थांबत नाही. फ्लायव्हीलचा (क्रँकवरच्या जड चाकाचा) जोर असतो, गाडी गिअरमध्ये असेल तर चाकंही त्याला फिरवत राहतात. पिस्टन येऊन उघड्या व्हॉल्व्हवर आदळतो. बहुतेक वेळा व्हॉल्व्ह वाकतात आणि त्यांच्याबरोबर गाइडही (व्हॉल्व्ह ज्यात सरकतो त्या नळ्या) जातात. नशीब फारच वाईट असेल तर व्हॉल्व्हचं डोकं तुटून पिस्टनला भोक पाडतं. काही इंजिनांत रॉकर (कॅमचा दाब व्हॉल्व्हपर्यंत नेणारा हात) आधी मोडतो आणि व्हॉल्व्ह वाचतो, पण त्यावर विसंबून कुणी राहू नये. डिझेल इंजिनं जवळजवळ सगळी याच जातीची. कॉम्प्रेशन जास्त हवं म्हणून पिस्टन वर आला की हेडपासून (सिलिंडरच्या वरच्या झाकणापासून) मिलिमीटरच्या आसपासच अंतर उरतं. तिथे उघडा व्हॉल्व्ह मावणार कुठे? आजची पेट्रोल इंजिनंही बहुतांश अशीच आहेत. जुन्या काही पेट्रोल इंजिनांत पिस्टनला पुरेशी मोकळी जागा असायची. तिथे बेल्ट तुटला तर गाडी नुसती बंद पडते, नवा बेल्ट टाकून पुढे निघता येतं. तुमचं डिझेल आहे, म्हणजे ही सवलत तुम्हाला नाही.

पैशाची गोष्ट सोडा, गाडी कुठे बंद पडेल हेही बघायला हवं. वेगात असताना इंजिन बंद झालं की पॉवर स्टिअरिंग जड होतं. ब्रेकच्या बूस्टरमधला व्हॅक्यूम एक-दोन वेळा पाय दाबेपर्यंतच पुरतो, त्यानंतर पेडल दगडासारखं घट्ट लागतं.

दातेरी बेल्टवर मोटारीचा कॅम फिरवायची पद्धत जर्मनीच्या ग्लास १००४ या छोट्या गाडीपासून १९६२मध्ये उत्पादनात आली. त्याआधी हे काम चेन किंवा गिअर करायचे. बेल्ट हलका, आवाज न करणारा, तेल न लागणारा आणि बनवायला स्वस्त, म्हणून तो सगळीकडे पसरला. सुरुवातीचं रबर निओप्रीन जातीचं होतं आणि मुदतीही कमी असायच्या. नंतर उष्णता जास्त सोसणारं एचएनबीआर नावाचं रबर आलं आणि मुदती वाढल्या. आज इंजिनागणिक ६०,००० किलोमीटरपासून १,६०,००० किंवा त्याहून पुढे, आणि वर्षांत सांगायचं तर चार-पाचपासून दहापर्यंत, असे सगळे आकडे सापडतात. त्यामुळे 'बेल्ट लाखाला बदलतात' असा सरसकट नियम कुणी सांगितला तर तो सोडून द्या. तुमच्या इंजिनाच्या कोडपुढे पुस्तकात जो आकडा आहे तोच तुमचा. गाडीचं नाव बघून चालत नाही, कारण एकाच नावाच्या गाडीत पेट्रोलला चेन आणि डिझेलला बेल्ट असू शकतो.

आता किलोमीटरचा आकडा किती फसवा असतो ते बघा. मोकळ्या रस्त्यावर धरून सरासरी वेग ताशी ४० किलोमीटर असेल तर १,००,००० किलोमीटरला २,५०० तास लागतात. सरासरी २,००० आरपीएम धरलं तर क्रँकच्या ३० कोटी फेऱ्या झाल्या. तीच गाडी शहराच्या गर्दीत ताशी २० च्या सरासरीने चालली तर तास झाले ५,०००. गर्दीत आरपीएम कमी, १,४०० धरू, तरी फेऱ्या ४२ कोटी. ओडोमीटरवर आकडा एकच, बेल्टचं काम मात्र चाळीस टक्क्यांनी जास्त. सिग्नलला उभी गाडी, एसी लावून झाडाखाली तासभर उभी ठेवलेली गाडी, यात ओडोमीटर हलत नाही आणि बेल्ट फिरत असतो. म्हणूनच पुस्तकात शेवटच्या पानांवर 'कठीण वापर' असा एक वेगळा तक्ता असतो. धूळ, अति उष्ण किंवा अति थंड हवा, सतत कमी अंतराच्या फेऱ्या, तासन्‌तास आयडलिंग, ट्रेलर ओढणं, असं काही असेल तर मुदत कमी धरायची असते. तो तक्ता फार कुणी उघडून बघत नाही आणि सगळे स्वतःला साध्या वापरातच मोजतात.

तुमच्यासारख्या कमी चाललेल्या गाडीचं दुखणं वेगळं. बेल्टच्या आत काचतंतूंच्या दोऱ्या असतात, ताण त्याच घेतात. बाहेर रबर आणि दात्यांवर नायलॉनचं कापड. इंजिनाच्या उष्णतेने आणि हवेतल्या ओझोनने रबर वर्षागणिक कडक होत जातं, गाडी चालो वा न चालो. उभ्या गाडीत बेल्ट महिनोन्‌महिने एकाच ठिकाणी वळून बसलेला असतो. मग एके दिवशी सेल्फ मारला की त्याच कडक झालेल्या वळणावर झटका बसतो. थंड इंजिन सुरू होतानाचा क्षण बेल्टला सगळ्यात जड जातो. त्यातून तुमच्यासारख्या कॉमन रेल डिझेलमध्ये बऱ्याचदा डिझेलचा हाय प्रेशर पंपही याच बेल्टवर असतो. महिन्यातून दोनदा निघणाऱ्या गाडीचा मालक म्हणतो, 'मी गाडी जपून वापरतो.' इंजिनाच्या बाकी भागांसाठी ते काही अंशी खरं असेल, रबरासाठी नाही.

मग कव्हर उघडून बघितलेलं ते काय? वरचं प्लास्टिकचं कव्हर काढलं की दिसतो तो कॅम पुलीवरचा वीतभर भाग, आणि तोही पाठीकडून. दाते आतल्या बाजूला असतात. बेल्टचे दाते मुळातून सोलले जातात ते बहुधा खाली क्रँकच्या पुलीपाशी, कारण ती पुली सगळ्यात लहान आणि तिथे एका वेळी थोडेच दाते पकडीत असतात. अशा बेल्टची पाठ अखंड असते, अक्षरंही वाचता येतात, आणि खाली चार-पाच दाते गायब असतात. पूर्ण बेल्ट बघायचा तर खालून क्रँकच्या बोल्टला पाना लावून इंजिन हाताने फिरवावं लागतं आणि आरसा-टॉर्च घेऊन दात्यांची मुळं तपासावी लागतात. एवढं करूनही आतल्या काचतंतूंचं काय झालंय ते दिसत नाहीच. जुन्या निओप्रीनच्या बेल्टवर निदान भेगा पडायच्या. एचएनबीआरचा बेल्ट मुदत संपली तरी दिसायला ठणठणीत असू शकतो.

तपासणी अगदी निरुपयोगी आहे असं नाही. ती एकाच दिशेने कामाची आहे: बेल्ट बाद करण्यासाठी, पास करण्यासाठी नव्हे. दात्याच्या मुळाशी भेग, कडेला सुटलेले धागे, पाठीवर काचेसारखी चकाकी, कव्हरात साठलेली काळी भुकटी, यातलं काही दिसलं तर मुदत कितीही शिल्लक असो, बेल्ट गेला. एकाच कडेची झीज दिसली तर बेल्टबरोबर पुल्याही संशयात. त्यातली एखादी तिरकी चालतेय. आणि बेल्ट तेलाने ओला असेल तर पुसून परत चालवायचा नाही. क्रँकचं किंवा कॅमचं सील गळतं, नाहीतर व्हॉल्व्ह कव्हरचं गॅस्केट. तेल मुरलं की रबर फुगतं आणि मऊ पडतं. आधी गळती बंद करायची, मग नवा बेल्ट. उलट क्रमाने केलं तर नवा बेल्टही त्याच वाटेने जातो.

आता बेल्टबरोबर काय काय बदलायचं. इथेच लोक पैसे वाचवायला जातात आणि इथेच फसतात, म्हणून यावर जरा जास्त बोलतो.

या कामात वस्तूंपेक्षा मजुरी मोठी असते. इंजिनाचा एक माउंट सोडवावा लागतो, फॅन बेल्ट, क्रँक पुली, कव्हरं उतरवावी लागतात. गाडीप्रमाणे तीन-चार तासांपासून पूर्ण दिवस जातो. एवढं उघडल्यावर आत बेल्टशिवाय दिसतं ते टेन्शनर (बेल्टला ताण देणारा भाग), एक-दोन आयडलर पुल्या (बेल्टला नुसतं वळण देणाऱ्या) आणि बऱ्याच इंजिनांत वॉटर पंप. या सगळ्यांची बेअरिंगं बेल्टइतकीच फिरलेली असतात. बेल्ट नवा आणि बेअरिंग जुनं ठेवलं तर साखळीतली कच्ची कडी तशीच राहिली.

टो करून आणलेल्या एका गाडीचं कव्हर काढलं तेव्हा बेल्ट खरोखर नवा होता. वर्षभरापूर्वी दुसरीकडे बदललेला, पाठीवरचं छापील नाव स्वच्छ वाचता येत होतं. पण त्याची एक कडा वितळून चकचकीत झाली होती आणि कव्हराच्या तळाशी काळे धागे पडले होते. आयडलर पुली हाताने फिरवून बघितली तर फिरेचना. आतलं ग्रीस कधीच सुकलं होतं आणि तापून तापून पुलीचा धातू निळा पडला होता. बिलावर फक्त 'टायमिंग बेल्ट' अशी एकच ओळ होती. हेड उतरवलं तेव्हा आठपैकी सहा व्हॉल्व्ह वाकलेले निघाले. त्या पुलीची किंमत त्या सगळ्या कामापुढे काहीच नव्हती.

त्यामुळे बेल्ट, टेन्शनर आणि आयडलर हा संच मी एकत्रच बदलतो. नुसता बेल्ट टाकून द्या म्हणणाऱ्याला सरळ नाही म्हणतो. वॉटर पंप टायमिंग बेल्टवर फिरत असेल तर तोही. पंपाचं बेअरिंग जाम झालं तर बेल्टचे दाते सोललेच म्हणून समजा, आणि पंप नुसता गळायला लागला तरी सगळं पुन्हा उघडावं लागतं. पंप फॅन बेल्टवर किंवा इलेक्ट्रिक असेल तर तो या कामात आणायची गरज नाही. पंप बदलला की कूलंट नवं भरायचं, पुस्तकात दिलेल्या प्रकाराचंच.

सीलबद्दल मेकॅनिकांमध्ये दोन मतं आहेत. काही जण क्रँकचं आणि कॅमचं सील सरसकट बदलतात. मी ओलसर असलेलं किंवा गाडीचं वय बरंच असेल तर बदलतो. कोरडं, चांगलं सील उगाच उकरत नाही, कारण सील काढताना स्क्रू ड्रायव्हर घसरून शाफ्टला ओरखडा गेला की नवं सीलही गळतं. बोल्टांच्या बाबतीत मात्र वाद नाही. क्रँक पुलीचा बोल्ट अनेक इंजिनांत एकदाच वापरायचा असतो. आवळताना तो मुद्दाम ताणला जातो, दुसऱ्यांदा तीच पकड देत नाही. काही इंजिनांत तर पुलीला खाचेत बसणारी 'की' (पुली सरकू न देणारी धातूची पट्टी) नसतेच, पुली फक्त बोल्टच्या दाबावर धरलेली असते. तिथे जुना बोल्ट अंदाजाने आवळला तर पुली शाफ्टवर सरकते, टायमिंग आउट होतं, आणि बेल्ट अखंड असतानाही व्हॉल्व्ह वाकतात.

काम नीट झालं की नाही हे तुम्हाला गाडीखाली न शिरताही थोडंफार कळू शकतं. इंजिन गार असायला हवं. बेल्टचा ताण गार इंजिनावरच लावतात, कारण तापल्यावर ब्लॉक आणि हेड प्रसरण पावून ताण बदलतो. सकाळी गाडी पोहोचवल्या पोहोचवल्या बेल्टला हात लागत असेल तर विचारा. क्रमांक एकचा पिस्टन वर आणून खुणा जुळवतात आणि ज्या इंजिनांना लॉकिंग पिना दिलेल्या आहेत तिथे कॅम आणि क्रँक पिनांनी अडकवतात. जुन्या बेल्टवर व्हाइटनरच्या रेघा मारून त्या नव्यावर उतरवायची एक पद्धत आहे. साध्या पेट्रोल इंजिनावर कुणी काळजीपूर्वक दाते मोजून केली तर चालूनही जाते, पण कंपनीने पिना दिलेल्या डिझेलवर मला ती पसंत नाही. पिना खुणेसाठी असतात. त्याच पिनांच्या आधारावर मोठा बोल्ट सोडायला जोर लावला तर पीन वाकते किंवा पिनेचं भोक फुटतं. त्यासाठी पुली धरायचं वेगळं अवजार असतं.

नवा बेल्ट पाकिटातून शेवटी काढायचा. त्याला पिळायचं नाही, उलटा करायचा नाही, घडी घालायची नाही. काचतंतू ताण उत्तम घेतात पण तीक्ष्ण वळणावर मोडतात, आणि मोडलेले बाहेरून कळत नाहीत. स्क्रू ड्रायव्हरने उचकटून बेल्ट पुलीवर चढवणारा दिसला तर तो बेल्ट मी घेणार नाही. बेल्ट लावताना टेन्शनरच्या बाजूशिवाय दुसरीकडे कुठेही सैलपणा राहू द्यायचा नाही, मग टेन्शनरचा काटा खुणेवर आणून बोल्ट टॉर्क पान्याने आवळायचा.

यानंतरची पायरी सगळ्यात महत्त्वाची आणि घाईत तीच गळते. पिना काढून क्रँक पान्याने हाताने पूर्ण दोन फेऱ्या फिरवायचा, इंजिन ज्या दिशेने फिरतं त्याच दिशेने. दोन यासाठी की तेव्हाच कॅमची एक फेरी पुरी होते. फिरवताना कॉम्प्रेशनचा जडपणा लागतो, तो हळूहळू सुटतो. पण मध्येच टणक अडलं तर तिथेच थांबायचं. तो पिस्टन व्हॉल्व्हला टेकलाय, जोर लावला की वाकला. दोन फेऱ्यांनी पुलीवरच्या खुणा आणि पिना परत जुळायला हव्यात, टेन्शनरचा काटा जागेवर हवा. बेल्टवर छापलेल्या रेघा मात्र आता जुळणार नाहीत, कारण बेल्टच्या दात्यांची संख्या पुलीच्या पटीत नसते. ते बघून काही जण घाबरून परत सगळं सोडतात. रेघा फक्त बसवतानापुरत्या.

बेल्ट काही सूचना देतो का, हेही नेहमी विचारलं जातं. बेल्ट देत नाही, त्याच्या शेजारचे कधी कधी देतात. आरपीएमबरोबर चढणारी-उतरणारी घरघर कव्हरच्या बाजूने येत असेल तर एखादं बेअरिंग जातंय. ताण सैल झाला तर कव्हरला थापा बसल्यासारखा आवाज येतो. बेल्ट एक दाता सरकला तर गाडी चालते, पण मिसिंग येतं, पिकअप मरतो, सकाळी स्टार्ट व्हायला वेळ लागतो, आणि स्कॅनरवर पी ००१६ सारखा कॅम-क्रँक मेळ बिघडल्याचा कोड दिसतो. क्रँकच्या पुलीला २० दाते असतील तर एक दाता म्हणजे क्रँकचे १८ अंश. ही काही थोडकी चूक नव्हे. असा कोड आला तर नुसता पुसून गाडी चालवत राहू नका. टोयोटाच्या काही डिझेल गाड्यांत टायमिंग बेल्टचा दिवाच असतो, पण तोही बेल्टकडे बघत नाही, ओडोमीटरकडे बघतो. वर्षं त्याला मोजता येत नाहीत, त्यामुळे तुमच्यासारख्या रनिंगच्या गाडीत तो कधी लागणारही नाही.

आणि तुटलाच तर? चालता चालता इंजिन एकदम गप्प होतं. सेल्फ मारला तर स्टार्टर नेहमीपेक्षा वेगाने, हलका फिरतो, 'व्हिर्र' असा. नेहमीची धडधड नसते कारण कॉम्प्रेशनच उरलेलं नसतं. हा आवाज आला की दुसऱ्यांदा सेल्फ मारायचा नाही आणि धक्का तर अजिबात द्यायचा नाही. न वाकलेले राहिले असतील ते व्हॉल्व्हही त्यात जातात. गाडी न्यूट्रलमध्ये टो करून न्या. गॅरेजमध्येही जाणकार माणूस आधी क्रँक खुणेपासून पाव फेरी मागे घेतो. चार सिलिंडर एका रांगेत असलेल्या इंजिनात त्याने सगळे पिस्टन मध्यावर येतात. मग कॅम खुणेवर आणतो आणि शेवटी क्रँक. त्यानंतर बेल्ट चढवून लीकडाउन टेस्ट (सिलिंडरमध्ये दाबाने हवा सोडून ती कुठून गळते ते बघणं) केली की व्हॉल्व्ह वाकलेत का ते हेड न उघडता कळतं. डिझेलमध्ये बहुतेक वेळा हेड उघडावंच लागतं, पण आधी तपासून मग उघडणं बरं.

'पुढची गाडी चेनचीच घेतो' असं बरेच जण म्हणतात. चेनला ठरलेली मुदत नसते हे खरं, पण ऑइल वेळेवर बदललं नाही तर तीही ताणली जाते, टेन्शनर मरतो आणि सकाळच्या स्टार्टला खडखड ऐकू येते. तिचं काम बेल्टपेक्षा महाग असतं. तिसरा प्रकार ऑइलमध्ये बुडून चालणाऱ्या बेल्टचा. फोर्डच्या १.० इकोबूस्टमध्ये आणि प्यूजो-सित्रोएनच्या १.२ प्युअरटेकमध्ये तो वापरला गेला. पुढच्या आवृत्त्यांत दोघांनीही कॅमसाठी चेन आणली. अशा इंजिनात ठरवून दिलेल्या ग्रेडचंच ऑइल लागतं, आणि छोट्या छोट्या फेऱ्यांमुळे ऑइलमध्ये पेट्रोल मिसळत राहिलं तर बेल्ट फुगतो, त्याचे तुकडे सुटून ऑइल पंपाच्या जाळीत अडकतात. तिथे बेल्ट तुटायच्या आधी ऑइल प्रेशरचा दिवा लागू शकतो, आणि मग प्रश्न फक्त व्हॉल्व्हचा राहत नाही. प्युअरटेकमध्ये ऑइल भरायच्या तोंडातून बेल्टची रुंदी गेजने मोजता येते. असं इंजिन असेल तर प्रत्येक सर्व्हिसला ती मोजून घ्या.

जुनी गाडी घेणाऱ्यांसाठी नियम सोपा आहे: बेल्ट बदलल्याचं बिल नसेल तर तो बदललेला नाही असं धरायचं आणि त्याचा खर्च गाडीच्या किमतीतून वजा मागायचा. बिल असेल तर नीट वाचा. 'बेल्ट बदलला' म्हणून दाखवलेल्या बिलावर पुष्कळदा फॅन बेल्ट निघतो. बाहेर दिसणारा, उभ्या खाचांचा, अल्टरनेटर आणि एसी फिरवणारा तो फॅन बेल्ट. टायमिंग बेल्ट कव्हरच्या आत असतो, बॉनेट उघडून तो दिसत नाही. फॅन बेल्टलाही कमी लेखू नका. त्याच्या कडा सुटल्या की धागे क्रँक पुलीच्या मागून टायमिंग कव्हरात शिरतात आणि आतला चांगला बेल्ट घेऊन जातात, त्यामुळे या कामात तोही नवा टाकून घ्यावा.

तुमच्यापुरतं सांगायचं तर या महिन्यात वेळ घ्या. तोपर्यंत गाडी बॅटरी बसली म्हणून धक्क्याने सुरू करू नका. क्लच सोडतानाचा झटका थेट बेल्टवर येतो. उतारावर नुसत्या गिअरच्या भरवशावर उभी करू नका, हँडब्रेक लावा, कारण गाडी मागे सरकली तर इंजिन उलटं फिरतं आणि सैल झालेला बेल्ट दाता सोडू शकतो. गॅरेजला सांगताना 'टायमिंग बेल्टचा पूर्ण संच, पंपासकट' असं जॉबकार्डवर लिहून घ्या, पाकिटांवरचे पार्ट नंबर आणि बेल्टची उत्पादनाची तारीख बघा. दुकानात वर्षानुवर्षं पडलेला बेल्ट नवा नसतो. जुने भाग परत मागा. आयडलर कानाजवळ धरून बोटाने फिरवा, खरखर लागली तर पैसे कुठे गेले ते तुम्हालाच कळेल.

काम झाल्यावर तारीख आणि किलोमीटर लिहिलेलं लेबल कव्हरवर चिकटवून घ्या, दिवा असेल तर रीसेट करून घ्या. पहिल्या दोन दिवसांत कव्हरकडून बारीक शीळ घातल्यासारखा आवाज येत असेल तर बेल्ट जास्त आवळला गेलाय. 'बसेल हळूहळू' असं सांगितलं तरी ऐकू नका, ताण परत तपासून घ्या. कूलंटची पातळी दोन-तीन दिवसांनी सकाळी इंजिन गार असताना बघा. अडकलेली हवा निघून ती एकदा थोडी उतरते, तेवढी भरायची. त्यानंतरही उतरत राहिली तर पंपाचं गॅस्केट नीट बसलेलं नाही. कूलंट बेल्टवर पोहोचायच्या आत गाडी परत न्या.